कुस्कोहून एका दिवसात इंकांचं खोरं आणि तिथले बाजार: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पेरूला निघालेले ओळखीचे लोक मला गेली काही वर्षं तेच तेच प्रश्न विचारतात. माझ्या तिथे तीन फेऱ्या झाल्या, दोन घरच्यांबरोबर आणि एक एकटीने. पहिल्या फेरीत घाईघाईने सहल निवडली आणि सोन्यासारखा दिवस हातचा गेला. तसं तुमचं होऊ नये म्हणून जिथे गरज वाटली तिथे उत्तर लांबवलं आहे.

एका दिवसात नक्की काय काय बघून होतं?

कुस्को ही पेरूच्या डोंगरांतल्या जुन्या इंका साम्राज्याची राजधानी. तिथून घाट उतरला की उरुबांबा नदीचं खोरं लागतं. त्याला तिकडे ‘बाये साग्रादो’ म्हणजे पवित्र खोरं म्हणतात. हवा कुस्कोपेक्षा उबदार, जमीन कसदार, मका उत्तम. म्हणूनच पंधराव्या शतकात सम्राट पाचाकुतीने पिसाक आणि ओयांतायतांबो इथे स्वतःच्या वाड्यांची, शेतीची आणि देवळांची ठिकाणं उभारली. चिंचेरो हे त्याचा मुलगा तोपा इंका याचं. नेहमीच्या सहलीत ही तीन गावं, पिसाकचा बाजार आणि मध्ये उरुबांबा गावात जेवण असतं. सकाळी साडेसहा-सातला निघायचं आणि दिवेलागणीला परत यायचं.

दोन-तीन प्रकारच्या सहली दिसतात. कोणती घ्यावी?

एक वर सांगितलेली. दुसरीत मोराय (गोल पायऱ्यांची शेतं) आणि मारास (डोंगरातलं मिठागर) ही दोन ठिकाणं वाढवलेली असतात आणि जाहिरातीत ‘एका दिवसात पाच ठिकाणं’ असं मोठ्या अक्षरात लिहिलेलं असतं. तिसरी फक्त मोराय-मारासची, अर्ध्या दिवसाची.

माझं मत स्पष्ट आहे: पाच ठिकाणांची घेऊ नका. पहिल्या वेळी मी तीच घेतली होती. पिसाकच्या अवशेषांना आम्हाला पंचवीस मिनिटं मिळाली आणि त्यानंतर एका चांदीच्या दुकानात पाऊण तास बसवून ठेवलं. इंकांनी अख्खा डोंगर पायऱ्यापायऱ्यांनी बांधून काढला आहे आणि तो आम्ही बसच्या दारात उभं राहून पाहिला. वेळ आणि पैसे जमत असतील तर चार-पाच जणांत गाडी आणि गाइड ठरवा, ठिकाणं तीनच ठेवा. मोराय-मारास दुसऱ्या दिवशी सकाळी होतं. मोठ्या बसनेच जायचं असेल तर पैसे भरण्याआधी तीन गोष्टी विचारून घ्या: प्रत्येक ठिकाणी किती वेळ थांबणार, वाटेत दुकानं किती आणि गाइड एकाच भाषेत बोलणार की दोन. दोन भाषांच्या बसमध्ये सगळं आधी स्पॅनिशमध्ये सांगतात, मग इंग्रजीत, आणि इंग्रजीपर्यंत येईतो पुढे निघायची वेळ झालेली असते.

माचू पिचू यातच येतं का?

नाही. तो वेगळा दिवस. पण एक सोय आहे, जी बऱ्याच जणांना उशिरा कळते. माचू पिचूच्या पायथ्याच्या गावाला जाणाऱ्या गाड्या ओयांतायतांबोच्या स्टेशनवरून सुटतात. त्यामुळे सहलीचा शेवट तिथेच करून संध्याकाळची आगगाडी पकडता येते, कुस्कोला परत येऊन पुन्हा तोच घाट उतरावा लागत नाही. तसं करायचं असेल तर सहल ठरवतानाच सांगा, कारण चिंचेरो परतीच्या वाटेवर असेल तर ते तुमचं बुडेल. गाडीत लहान बॅगच नेऊ देतात, मोठं सामान कुस्कोच्या हॉटेलात ठेवून निघा.

गाइड खरंच लागतो का? पाट्या वाचून भागत नाही?

पाट्या फार थोड्या आहेत. आणि इंकांनी लिहून ठेवलेलं काही नाही. हिशेब आणि नोंदी ते ‘खिपू’ नावाच्या गाठी मारलेल्या दोरांवर ठेवत. त्यामुळे दगड वाचून दाखवणारा माणूस बरोबर असला की फार फरक पडतो.

ओयांतायतांबोचंच घ्या. उभ्या पायऱ्या चढून वर गेलं की गुलाबी दगडाच्या सहा प्रचंड शिळा एका ओळीत उभ्या दिसतात. फोटो काढून लोक उतरायला लागतात. आमच्या दुसऱ्या फेरीतल्या गाइडने आम्हाला थांबवलं आणि पाठ फिरवून उभं केलं. समोर, नदीच्या पलीकडच्या डोंगरात एक फिकट ओरखडा दिसत होता. ती काचिकाता खाण, सुमारे पाच किलोमीटरवर. या शिळा तिथून उतरवल्या, नदी पार केली आणि या चढावर आणल्या, तेही चाक आणि ओढकामाचा बैल नसताना. वाटेत राहून गेलेल्या शिळा आजही पडलेल्या आहेत. गावकरी त्यांना ‘थकलेले दगड’ म्हणतात. मग त्याने शिळांच्या मधल्या चिंचोळ्या पट्ट्या दाखवल्या. दोन शिळांमध्ये एकेक पातळ दगड असा बसवला आहे की नख शिरत नाही. एका शिळेवर पायऱ्यांची झिजलेली नक्षी आहे, उन्हाची तिरीप पडली तरच दिसते. बांधकाम अर्धवट राहिलं आहे, आणि अर्धवट असल्यामुळेच ते कसं करत असतील याचा अंदाज येतो.

इथेच १५३७ साली इंकांचा राजा मांको इंका याने एर्नांदो पिसारोच्या स्पॅनिश फौजेला परतवून लावलं. पाण्याचे पाट वळवून त्याने खालचं मैदान भिजवलं आणि घोडे चिखलात अडकवले. ते मैदान वरून स्पष्ट दिसतं. पाट अजून वाहतात.

पेरूमध्ये गाइड होण्यासाठी रीतसर शिक्षण आणि ओळखपत्र लागतं. ते ओळखपत्र गळ्यात आहे ना, एवढं बघा. खोऱ्यातल्याच गावचा, केचुआ ही इंकांची भाषा बोलणारा गाइड मिळाला तर दोन पैसे जास्त द्या. तो स्वतःच्या आजीच्या शेताबद्दल बोलत असतो.

तिकिटं सहलीच्या पैशांत धरलेली असतात का?

बहुतेक वेळा नाही. पिसाक, ओयांतायतांबो, चिंचेरो आणि मोराय या चारही ठिकाणांना ‘बोलेतो तुरीस्तिको’ नावाचं एकत्रित तिकीट चालतं. सुटं तिकीट मिळत नाही. मी गेले तेव्हा परदेशी माणसाला या चार ठिकाणांचं दोन दिवसांचं तिकीट ७० सोल (सोल हे पेरूचं चलन) होतं आणि कुस्कोभोवतालच्या सगळ्या ठिकाणांसह दहा दिवसांचं १३० सोल. कुस्कोच्या वरचे साक्सायवामानचे इंका अवशेषही बघणार असाल तर दहा दिवसांचंच परवडतं. मारासच्या मिठागराचं तिकीट मात्र वेगळं, ते गावकऱ्यांकडे जातं. रोख सोल जवळ ठेवा आणि स्वच्छतागृहासाठी सुटी नाणीही.

बाजार रोज असतो का?

पिसाकला शाली, टोप्या, मातीच्या वस्तू यांची दुकानं आता रोज लागतात. पण खरा बाजार पाहायचा तर रविवारी जा. मंगळवार आणि गुरुवारही चालतात. रविवारी डोंगरातल्या वस्त्यांमधून बायका भाजी घेऊन उतरतात आणि चौकात पोती अंथरून बसतात. चिंचेरोचा बाजारही रविवारीच भरतो. म्हणून सहल रविवारी येईल अशा बेताने कुस्कोला पोचा, बाकीचं वेळापत्रक त्याभोवती बसवा.

बटाट्यांपाशी थांबाच. जांभळे, काळपट, आतून लाल रेघांचे, आल्यासारखे वेडेवाकडे. बटाटा याच डोंगरांतला, आणि पिसाकच्या वरच्या गावांनी शेकडो जाती आजही जपल्या आहेत. शेजारी सुरकुतलेले, वजनाला हलके गोळे दिसतील. तेही बटाटेच. रात्रीच्या हिमात गोठवायचे, सकाळी पायांनी तुडवून पाणी काढायचं आणि उन्हात वाळवायचे. असे बटाटे वर्षानुवर्षं टिकतात. त्यांना ‘चुन्यो’ म्हणतात.

घासाघीस करावी का?

थोडी चालते. पण आपल्याकडे निम्म्यावरून सुरुवात करायची सवय असते ती इथे नको. दोन-तीन वस्तू एकीकडून घेतल्या की भाव आपोआप उतरतो. हाताने विणलेल्या वस्तूवर मात्र मी घासाघीस करत नाही. एक कमरपट्टा विणायला काही दिवस जातात आणि खांद्यावर घ्यायची मोठी शाल, म्हणजे ‘यिक्या’, असेल तर आठवडे.

भाजीबाजारात एक शब्द लक्षात ठेवा: ‘यापा’. मूळ केचुआ शब्द आहे. वजन झाल्यावर वर घातलेला वाटा म्हणजे यापा. भाजीवाल्या मावशी मेथीची जुडी दिल्यावर वर चार मिरच्या टाकतात ना, तेच. पिसाकला मी अर्धा किलो ओले वाटाणे घेतले आणि भीत भीत ‘यापीता, कासेरिता?’ म्हटलं. त्या आजींनी माझ्याकडे नीट पाहिलं, हसल्या आणि दोन्ही हातांची ओंजळ भरून पिशवीत ओतली. ‘कासेरा’, ‘कासेरिता’ हे नेहमीच्या गिऱ्हाइकाला आणि नेहमीच्या विक्रेत्याला, दोघांनाही म्हणतात.

अल्पाकाची शाल अस्सल आहे हे कसं ओळखायचं?

अल्पाका हा तिकडचा लोकरीचा प्राणी. चौकात ढिगाने लागलेल्या, एकाच नक्षीच्या, जेमतेम किमतीच्या शालींवर ‘बेबी अल्पाका’ लिहिलेलं असेल तर त्या बहुधा अ‍ॅक्रिलिकच्या किंवा मिश्र धाग्याच्या असतात. वाईट नसतात, भेट द्यायला चालतात. पण अल्पाका म्हणून घेऊ नका. अस्सल लोकर हाताला गार लागते, जरा जड पडते आणि तिला फार चकाकी नसते. सुटा धागा जाळला तर केस जळल्याचा वास येतो आणि राख होते. कृत्रिम धागा वितळून गोळा होतो. ‘बेबी’ हा शब्द धाग्याच्या बारीकपणाबद्दल आहे, पिल्लाची लोकर असंच नाही.

हातमागाची पट्टी असेल तर उलटी करून बघा. तिथल्या पारंपरिक विणीत मागच्या बाजूला तीच नक्षी रंगांची अदलाबदल होऊन येते, पुढे लालावर पांढरं तर मागे पांढऱ्यावर लाल. दोन्ही बाजू तितक्याच नेटक्या असतात. छापील किंवा यंत्राच्या कापडात हे होत नाही.

चिंचेरोला विणकाम दाखवतात तो विक्रीसाठीचा कार्यक्रमच ना?

विक्री असतेच. पण त्याला नुसता कार्यक्रम म्हणणं अन्याय आहे. चिंचेरोच्या बायकांनी ही विद्या मरता मरता वाचवली आहे. याच गावच्या निल्दा काय्यान्याउपा यांनी १९९६ मध्ये कुस्कोला पारंपरिक वस्त्रांचं केंद्र उभं केलं आणि वेगवेगळ्या गावांतल्या म्हाताऱ्यांकडून विसरत चाललेल्या विणी गोळा केल्या.

तिथे पुढच्या रांगेत बसा. एक बाई मुळी किसून पाण्यात फेस काढते आणि मळकी लोकर त्यात धुते, ती दोन मिनिटांत पांढरीशुभ्र. मग फड्या निवडुंगाचा तुकडा पुढे येतो. त्यावर बुरशीसारखे पांढरे ठिपके दिसतात, ते किडे असतात, कोचिनील. तिने त्यातला एक उचलून माझ्या तळहातावर ठेवला आणि अंगठ्याने चिरडला. तळहात गर्द लाल झाला. त्यावर लिंबू पिळलं तर रंग नारिंगीकडे गेला, क्षार टाकला तर जांभळा झाला. आपण ज्याला किरमिजी म्हणतो तो शब्दही मुळात रंग देणाऱ्या किड्यावरूनच आलेला, फक्त तो किडा जुन्या जगातला. धागे ठोकून बसवायला त्यांच्या हातात लामा या तिकडच्या प्राण्याचं टोकदार हाड असतं. धरून धरून ते हस्तिदंतासारखं गुळगुळीत झालेलं असतं.

काही घ्यायचं नसेल तर घेऊ नका, कुणी मागे लागत नाही. घेणार असाल तर वस्तूवर विणणाऱ्या बाईचं नाव आहे का ते विचारा.

मोराय आणि मारास सोडलं तर फार चुकेल का?

दुसरा दिवस नसेल तर चुकेल, हे मान्य. मोरायला जमिनीत सुमारे ३० मीटर खोल उतरत गेलेली गोल गोल पायऱ्यांची शेतं आहेत. वरच्या आणि तळाच्या पायरीच्या तापमानात चांगलाच फरक पडतो, म्हणून तिथे पिकांचे प्रयोग होत असावेत असं काही अभ्यासक मानतात. मारास म्हणजे डोंगराच्या कुशीतलं मिठागर. समुद्राचा संबंध नाही, खारट पाण्याचा झरा आहे. तीन हजारांहून जास्त वाफे आणि ते गावातल्या कुटुंबांकडे वाटलेले. आता वाफ्यांमधून चालू देत नाहीत, वरच्या कठड्यावरून बघायचं.

उंचीचा त्रास होतो म्हणतात. कितपत?

गांभीर्याने घ्या. कळसूबाईचं शिखर १,६४६ मीटर. कुस्को सुमारे ३,४०० मीटरवर आहे, म्हणजे दुपटीहून वर. चिंचेरो तर ३,७०० च्याही पुढे. डोकं दुखणं, धाप, मळमळ, झोप न लागणं हे पहिल्या दिवशी कुणालाही होऊ शकतं, व्यायाम करणाऱ्यालाही. पोचल्या दिवशी सहल ठेवू नका.

उपाय सोपा आहे. विमानतळावरून थेट खोऱ्यात उतरा आणि पहिल्या दोन रात्री उरुबांबा किंवा ओयांतायतांबोला काढा. ती गावं २,८०० ते २,९०० मीटरच्या आसपास आहेत. कुस्को शेवटी ठेवा. पाणी भरपूर प्या, जेवण हलकं ठेवा, दारू टाळा. गोळी घ्यायची की नाही हे निघण्याआधी तुमच्या डॉक्टरांना विचारा. बसल्या जागी दम लागला, चालताना तोल जायला लागला किंवा बोलणं असंबद्ध झालं तर सहल सोडा, खाली उतरा आणि दवाखाना गाठा.

कोकाचा चहा घ्यावा का? पानं घरी आणता येतील?

तिथे घ्या, हॉटेलात मिळतो आणि पेरूमध्ये तो कायदेशीर आहे. डोंगरातल्या लोकांसाठी कोकाचं पान पूजेचं आणि पाहुणचाराचं आहे, त्याकडे आदराने बघा. पण पान, पाकिटातला चहा किंवा कोकाच्या गोळ्या यांतलं काहीही सामानात ठेवू नका. भारतात १९८५ च्या अमली पदार्थविरोधी कायद्यात कोकाचं पान येतं आणि वाटेतल्या बऱ्याच देशांतही बंदी आहे. विमानात बसण्याआधी जॅकेटचे खिसेसुद्धा तपासा.

शाकाहारी माणसाने काय खायचं? आणि उपवास असेल तर?

उपाशी राहत नाही. मोठ्या दाण्यांचं उकडलेलं कणीस आणि वर चीजचा जाड तुकडा, ‘चोक्लो कोन केसो’, रस्त्याच्या कडेला मिळतं. पिसाकच्या मातीच्या भट्टीतली चीजची गरम एम्पानादा, म्हणजे करंजीसारखा भाजलेला पदार्थ, मिळते. किनुआचं सूप सगळीकडे आहे, पण त्यात कोंबडीचं पाणी असू शकतं. नुसतं ‘सिन कार्ने’ (मांस नको) म्हटलं तर कोंबडी आणि मासे त्यात धरत नाहीत. ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो, सिन काल्दो’, म्हणजे मांस, कोंबडी, मासे आणि त्यांचं पाणी यांतलं काही नको, असं पूर्ण म्हणा. खोऱ्यात गिनीपिग भाजून खातात, ते त्यांचं सणाचं जेवण आहे. मुलांना आधी सांगून ठेवा. घरापुढे काठीला लाल पिशवी बांधलेली दिसली तर तिथे मक्याची आंबवलेली ‘चिचा’ मिळते. जांभळ्या मक्याचं ‘चिचा मोरादा’ मात्र साधं सरबत आहे.

आईची एकादशी तिथेच आली होती. बाजारात ‘किविचा’च्या लाह्या दिसल्या आणि ती म्हणाली, ‘अगं, हा तर राजगिराच!’ खरंच त्याच कुळातलं धान्य आहे ते. मग लक्षात आलं की बटाटा, रताळं, शेंगदाणा, मिरची, साबुदाण्याचा कंद आणि राजगिरा हे सगळं अमेरिका खंडांतूनच आलं आहे. आपल्या उपवासाचं ताट तिकडचंच. तिने लाह्या, उकडलेले बटाटे आणि भाजलेले शेंगदाणे यांवर दिवस काढला.

सत्तरीतल्या आईवडिलांना जमेल का?

उंची सोसली तर जमतं. पिसाकला गाडी बरीच वरपर्यंत जाते, तिथून वळणदार शेतं आणि समोरच्या कड्यातली थडग्यांची भोकं बसल्या जागी दिसतात. ओयांतायतांबोच्या पायऱ्या उंच आहेत आणि कठडा सगळीकडे नाही. गुडघे दुखत असतील तर त्यांनी खालीच पाण्याच्या कारंज्यांपाशी फिरावं. हृदयाचा किंवा फुप्फुसाचा आजार असेल तर डॉक्टरांच्या होकाराशिवाय जाऊ नका.

कधी जावं? कपडे काय न्यावेत?

मे ते सप्टेंबर कोरडा काळ. जानेवारी-फेब्रुवारीत पाऊस जोरात असतो. जून-जुलै तिकडे थंडी. पहाटे स्वेटर, टोपी, जॅकेट सगळं लागतं आणि दुपारी ऊन भाजतं. एकावर एक घालता-काढता येईल असं घ्या. २४ जूनला कुस्कोला इंती रायमी या इंकांच्या सूर्योत्सवाचा सोहळा असतो, तेव्हा आठवडाभर गर्दी आणि भाव दोन्ही वाढतात.

व्हिसा आणि लस?

भारतीय पासपोर्टवर अमेरिका, ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेन देशांचा किमान सहा महिने मुदत उरलेला व्हिसा असेल तर पर्यटनासाठी पेरूचा वेगळा व्हिसा लागत नाही, हा नियम २०१७ पासून आहे. तरी तिकीट काढण्याआधी दिल्लीच्या वकिलातीकडून खात्री करा.

लसीचं मात्र बरेच जण विसरतात. पेरू पीतज्वराच्या (यलो फीवरच्या) देशांच्या भारतीय यादीत आहे. परतताना प्रमाणपत्र नसेल तर सहा दिवसांपर्यंत विलगीकरणात ठेवू शकतात, मग तुम्ही जंगलात गेला असा वा नसा. लस सरकारने नेमलेल्या केंद्रांतच मिळते आणि प्रवासाच्या किमान दहा दिवस आधी घ्यावी लागते. साठीच्या पुढच्यांनी आधी डॉक्टरांशी बोलावं.

लामा घेऊन उभ्या असलेल्या बायकांचा फोटो काढावा का?

विचारून काढा आणि काही सोल द्या. ते त्यांचं काम आहे. बाजारात भाजी विकणाऱ्या बाईचा फोटो मात्र तिच्याकडून काही घेतल्यावर आणि तिने मान हलवल्यावरच. ‘सुल्पायकी’ म्हणजे केचुआत धन्यवाद. हा एक शब्द नीट म्हणता आला तरी चेहरे बदलतात.

एक रात्र जास्तीची काढता आली तर कुठे राहावं?

ओयांतायतांबो. संध्याकाळी बसगाड्या गेल्या की गाव गावकऱ्यांचं होतं. गल्ल्या इंकांनी आखलेल्याच आहेत, घरांचे खालचे दगड त्यांचेच आणि त्याच चौकांत लोक आजही राहतात. प्रत्येक गल्लीच्या कडेने पाण्याचा पाट वाहतो, रात्री खिडकी उघडी ठेवली तर त्याचा आवाज येत राहतो. सकाळी लवकर उठून अवशेषांच्या समोरच्या पिंकुयुना डोंगरावर चढा, तिथे तिकीट लागत नाही. इंकांची धान्याची कोठारं आहेत, मुद्दाम वाऱ्याच्या झोतात बांधलेली. वाट अरुंद आहे, बूट चांगले हवेत आणि पाऊस पडत असेल तर जाऊ नका.